दुसऱ्यांदा बांधलेला फेटा

फेटा पालकमंत्र्यांच्या गळ्याभोवती अकरा सेकंद आवळलेला होता. हा आकडा पोलिसांचा नाही, माझ्या नवऱ्याच्या कॅमेऱ्याचा आहे. रणधीर पालकमंत्र्यांचा फोटोग्राफर. राजेवाडीच्या नव्या पुलाच्या उद्घाटनाला तो मंचासमोर गुडघा टेकून बसला होता, आणि समोर माणूस मरायला टेकला तरी त्याचं बोट बटणावरून उठलं नाही. अकरा सेकंदांत चौतीस फोटो. त्यातला एक दुसऱ्या दिवशी ज्याच्या त्याच्या फोनवर होता. गुलाबी फेटा, डोळे बाहेर आलेले अभिराज इंगवले आणि त्यांच्या मागे फेटेवाला आनंदा हुजरे. आनंदाच्या चेहऱ्यावर राग नाही, भीती नाही. रोजचं काम करताना असतो तसा तो चेहरा.

इंगवले वाचले, पण स्वरयंत्राला इजा झाली. उभी हयात भाषणांवर काढलेला माणूस कुजबुजीवर आला. आनंदा हुजरेचं वय बासष्ट. पस्तीस वर्षं त्याने कोल्हापूर जिल्ह्यात नवरदेवांना, पैलवानांना, सगळ्या पक्षांच्या पुढाऱ्यांना फेटे बांधले. पोलीस दप्तरी त्याच्या नावावर साधी शिवीगाळसुद्धा नाही. पकडल्यावर तो एकच वाक्य बोलला. "मला न्हाई म्हाईत. हातांनी केलं."

ते का केलं, हे शोधणं माझं काम. मी केतकी सरनोबत, शासनाच्या हेतुशोध केंद्रात अधिकारी. आता तुम्ही विचाराल, नवरा साक्षीदार आणि बायको तपासाला, हे चालतं कसं? त्या मंचासमोर अर्धा जिल्हा होता. नातं नको म्हटलं असतं तर तपासाला परराज्यातून माणूस आणावा लागला असता. रणधीरचं नाव साक्षीदारांच्या यादीत चौदावं होतं, त्याच्यावर कुणाचा डोळाही नव्हता. माझाही नव्हता.

आमचं यंत्र काय करतं ते सांगते, म्हणजे पुढचं समजेल. आठवण म्हणजे कपाटात ठेवलेला फोटो नव्हे, हे आता शाळेतही शिकवतात. आठवण काढली की मेंदूतला तो सांधा क्षणभर सैल होतो आणि नव्या प्रथिनाचा लेप घेऊन पुन्हा घट्ट बसतो. दरवेळी एक लेप. पूर्वी घराच्या भिंतीला दर दिवाळीला चुन्याचा हात द्यायचे, तसं. भिंत खरवडली की किती दिवाळ्या झाल्या ते मोजता येतं. आम्ही खरवडत नाही. शिरेतून एक द्रावण सोडतो, ते या लेपांना चिकटतं. मग माणूस चुंबकाच्या बोगद्यात पडून असताना पडद्यावर दिसतं की कुठल्या आठवणीवर किती थर आहेत, ते साधारण कधी चढले आणि एक आठवण जागी झाली की तिच्यासोबत दुसरी कुठली जागी होते. या जोड्या जुळवत गेलं की कृत्यापासून मागे जाणारी साखळी मिळते. तिलाच आम्ही हेतू म्हणतो.

एक गोष्ट मात्र यंत्राला जमत नाही. आठवण कशाची आहे हे त्याला कळत नाही. त्यासाठी माणसाला काहीतरी दाखवावं लागतं, ऐकवावं लागतं, वास द्यावा लागतो. पडद्यावरची रेघ उसळली तर समजायचं, साखळीची कडी सापडली. आणि प्रत्येक गोष्ट तीनदा दाखवायची. एकदा उसळली तर योगायोग, दोनदा उसळली तर शंका, तीनदा उसळली तर पुरावा, असं आम्हाला प्रशिक्षणात घोकून घेतलं होतं.

पुढे हेतू कायदा आला. साखळीत ज्या माणसाच्या शब्दावर किंवा कृतीवर शंभराहून जास्त थर सापडतील, त्याचं नाव अहवालात 'प्रेरक' म्हणून लिहायचं. प्रेरकाला सात वर्षांपर्यंत कैद. भडक भाषणं ठोकून नामानिराळे राहणाऱ्यांना चाप बसावा म्हणून हा कायदा आणला होता आणि मला तो मनापासून पटला होता. साखळी सापडलीच नाही तर कट आहे असं गृहीत धरायचं, आणि कटाच्या संशयितांना पोलिसांनी हवं तितकं आत ठेवायचं. तीन वर्षांत मी त्रेसष्ट साखळ्या जुळवल्या होत्या. एकही कोर्टात तुटली नव्हती. मला त्याचा गर्व होता, खोटं कशाला बोलू.

आनंदाची साखळी मात्र जुळेना. मी त्याला इंगवल्यांचे फोटो दाखवले, पक्षांचे झेंडे दाखवले, पुलाखाली गेलेल्या जमिनी, निवडणुकीच्या सभा, जातीपातीच्या मोर्चांचे आवाज, सगळं ऐकवलं. मधूनमधून नियमाप्रमाणे बिनमहत्त्वाची चित्रं टाकली. म्हैस, नळ, एसटीचा थांबा. आनंदा निमूट पडून असायचा. बाहेर काढलं की द्रावण टोचलेला हात चोळत विचारायचा, "उद्या परत यायचं का, बाई?" मी म्हणायचे, "हो मामा, उद्या परत." तो मान हलवायचा. आठ दिवस झाले आणि माझ्याकडे दाखवण्यासारखी एकही कडी नव्हती. रेघ उसळत होती, पण कशावरही उसळत होती. झेंड्यावर तशी म्हशीवर.

नवव्या दिवशी उपअधीक्षक मोहिते आले. मोहिते चहा घेत नाहीत, खुर्चीवर बसत नाहीत. दारातूनच बोलतात.

"मॅडम, हुजरेचा मेव्हणा उचललाय. तानाजी खोत. गावात विरोधी पॅनेलचा पुढारी. चार वर्षांमागं साहेबांशी भर लोकांत वाजलंय त्याचं."

"कशावरून वाजलं?"

"घरगुती कार्यात. ते महत्त्वाचं न्हाई. राग हुता, एवढं बास. तुम्ही तानाजीची कडी द्या, विषय संपला."

"कडी नाहीये, मोहिते."

"मग नका देऊ. कट धरून चालतो आम्ही. पाच दिवसांत तुमचा अहवाल आला न्हाई, तर तानाजी कायमचा आत." एवढं बोलून ते गेले. आवाज चढवला नाही, धमकीही दिली नाही. त्यांना त्याची गरजच नव्हती.

त्या दुपारी नसीमाने मला पडद्यापाशी बोलावलं. डॉ. नसीमा मुजावर यंत्र चालवते. माझ्यापेक्षा सहा वर्षांनी मोठी. कमी बोलते आणि बोलली की काहीतरी मोडतं.

"केतकी, रेघ चित्रावर उसळत नाहीये. चित्र यायच्या आधी उसळतेय."

"आधी म्हणजे?"

"म्हैस पहिल्यांदा दाखवली, काही नाही. दुसऱ्यांदा दाखवायच्या सव्वा सेकंद आधी रेघ वर. तिसऱ्यांदाही तसंच. नळाचं तेच, झेंड्याचं तेच." तिने ध्वनिमुद्रण लावलं. आधी माझा आवाज, मग रेघ. पुन्हा माझा आवाज, पुन्हा रेघ. मी प्रत्येक चित्रामागे दोनदा तेच दोन शब्द म्हणत होते, तीन वर्षं म्हणत आले होते. माझ्या कानांना ते ऐकूही येईनासे झाले होते.

परत एकदा.

दुसऱ्या दिवशी आनंदाला बोगद्यात ठेवलं आणि पडदा कोरा ठेवला. मी माइकजवळ तोंड नेऊन म्हटलं, "परत एकदा." रेघ उभी राहिली. तिच्यासोबत दुसरी एक आठवण जागी झाली आणि तिसरी म्हणजे पुलावरच्या त्या अकरा सेकंदांची. जिच्यासाठी दहा दिवस झेंडे आणि म्हशी नाचवल्या, ती साखळी माझ्या स्वतःच्या तोंडात होती.

मी त्याला बाहेर काढलं, खुर्ची दिली, चहा मागवला. मग तानाजीला पकडल्याचं सांगितलं. ते त्याला कुणी सांगितलंच नव्हतं. त्याने कप खाली ठेवला.

"त्याचा काय संबंध? त्याला सोडा."

"तुम्ही बोललात तर सुटेल. परत एकदा हे तुम्हाला कोण म्हणालं होतं, मामा?"

"सांगून काय उपयोग, बाई? तुमी हसाल."

"नाही हसणार."

"माझा बा गेला चार वर्षांमागं. त्योबी फेटेवालाच. इंगवले सायबांच्या वडलांना त्यानं फेटा बांधला हुता, आमदार झाले तवा. म्हणून साहेब तेराव्याला आले. आमच्यात तेराव्याला दुखवट्याचा फेटा असतोय. पांढरा, बिनतुऱ्याचा. थोरल्या पोरानं पाटावर बसायचं, आन् सासुरवाडीच्या माणसानं बांधायचा. म्हंजे तानाजीनं. त्यो बांधला की सुतक सरलं, माणूस कामाला लागला. एकदाच बांधायचा. दुखवटा दोनदा घेत न्हाईत. दोनदा घेतला तर घर दुसरं माणूस देतंय, असं आमची म्हातारी माणसं म्हणायची."

"मग?"

"साहेबांनी तानाजीच्या हातातनं फेटा घेतला. म्हणले, मी बांधतो. तानाजी बोलला, हा आमचा मान हाय. तितनं वाजलं. तानाजी उठून गेला. साहेबांनी बांधला, वाकडातिकडा. त्येबी चाललं असतं. पर फोटोवाला म्हणला, 'साहेब, परत एकदा.' फोटो नीट आला नसंल. तर साहेबांनी फेटा सोडला आन् परत बांधला. माझी मालकीण दारात उभी हुती. तिनं नुसतं तोंडावर पदर धरला."

त्याने गार झालेला चहा एका घोटात संपवला.

"एकोणिसाव्या दिवशी ती गेली. काळजाची झडप खराब हुती, डॉक्टरांनी कागदावर लिहून दिलंय. मला कळतंय की, बाई. फेट्यानं माणूस मरत न्हाई. मी अडाणी न्हाई. पर कळून काय करायचं? कुणाला फेटा बांधाय घेतला की त्यो आवाज यायचा. पैल्यांदा यायचा, मग रोज यायला लागला. साहेबांचा राग न्हवता मला. पुलावर मी त्यांना बांधला, चांगला बसला हुता. तर खालनं त्योच माणूस, त्याच आवाजात म्हणला, 'मामा, परत एकदा.' मी फेटा सोडवला. फुडचं मला म्हाईत न्हाई."

मला मात्र पुढचं माहीत होतं. तेराव्याचा तो फोटो आमच्या बैठकीच्या खोलीत लावलेला आहे. पांढरा फेटा बांधणारे इंगवले, मान खाली घातलेला एक माणूस, खिडकीतून तिरपं ऊन. त्या फोटोला राज्य पातळीवरचं बक्षीस मिळालं होतं आणि आम्ही पेढे वाटले होते. चार वर्षं मी त्या फोटोखाली बसून वर्तमानपत्र वाचत होते, आणि खाली मान घातलेला माणूस कोण हे मी रणधीरला कधी विचारलं नव्हतं.

घरी गेले तेव्हा रणधीर गच्चीत लेन्स पुसत बसला होता. मी काहीही न लपवता सांगितलं. आधी तो हसला, मग हसू गेलं.

"मी काय केलं? फोटो काढला. माझं कामच आहे ते."

"मी कुठं म्हणते गुन्हा केलास?"

"तुझा कायदा म्हणतोय की. अगं, दिवसातनं पन्नासदा म्हणतो मी ते. लग्नात म्हणतो, बारशात म्हणतो. सगळेच म्हणतात. हार घातला, परत एकदा. फीत कापली, परत एकदा. त्यात कुणाच्या डोक्यात काय शिरतं हे मला कसं कळणार?"

"त्याच्या मेंदूत तुझ्या आवाजावर दोनशे बारा थर आहेत, रणधीर. सगळे त्या घटनेच्या आधीचे. शंभरावर नाव लिहावं लागतं."

"आणि इंगवल्यांवर किती?"

"एक्केचाळीस."

"वा. ज्यानं मेव्हण्याच्या हातातनं फेटा ओढला तो सुटला, आणि मी प्रेरक." त्याने लेन्स पिशवीत ठेवली. "घालणार आहेस नाव?"

नाही म्हणावंसं वाटत होतं. बावीस वर्षांचा संसार आहे आमचा. हा माणूस माझ्या आजारपणात तीन आठवडे दवाखान्यातल्या बाकावर झोपला आहे. एक ओळ गाळली की तो सुटत होता. मग साखळी अपुरी, अपुरी म्हणजे कट, आणि कट म्हणजे तानाजी खोत, ज्याचा गुन्हा एवढाच की मान मागितला आणि तो मिळाला नाही म्हणून उठून गेला.

"मला त्या यंत्रात घाल," रणधीर म्हणाला. "माझ्या डोक्यात बघ. मला तो दिवस आठवतच नाही. आठवत नाही म्हणजे माझा हेतू नव्हता, बरोबर?"

कायद्यात त्याला काही अर्थ नव्हता. बोलणाऱ्याच्या डोक्यात काय होतं हे कायदा विचारत नाही. तरी मी त्याला घेऊन गेले, कारण दुसरं काय करावं हे मला सुचत नव्हतं. नसीमाने त्याला तेराव्याचा फोटो दाखवला. बक्षीस समारंभाची आठवण लख्ख उजळली, चौसष्ट थर. पेढ्यांची उजळली. हुजऱ्यांच्या घराची, त्या सकाळची, स्वतः म्हटलेल्या दोन शब्दांची रेघ सपाट राहिली. थर एकही नाही. त्याने ती सकाळ एकदाही आठवली नव्हती.

"बघ," तो बोगद्यातून बाहेर येत म्हणाला, "म्हटलं नव्हतं?"

त्याचा स्वर सुटल्यासारखा होता. मला त्या क्षणी त्याचा राग आला, इतका की मी खोलीतून निघून गेले. एका माणसाने जी गोष्ट दोनशे बारा वेळा भोगली, ती दुसऱ्याच्या डोक्यात ओरखड्यासारखीही उमटली नव्हती. आणि तो दुसरा माणूस माझा होता.

दोन दिवस आम्ही घरात कामापुरतं बोललो. अहवालाच्या मुदतीला एक दिवस उरला तेव्हा रणधीर दुपारी केंद्राच्या कँटीनमध्ये आला. न सांगता. दाढी वाढलेली. त्याने माझ्यासमोर टॅब ठेवला.

"जुनी फाइल शोधली. त्या दिवशीचे सगळे फोटो."

पडद्यावर पांढरा फेटा होता. खिडकीतून तिरपं ऊन, खाली मान घातलेला आनंदा. मी म्हटलं, "हा तर आपल्या घरातलाच."

"नाही. घरातला दुसरा आहे. हा पहिला. परत एकदा म्हणायच्या आधीचा." त्याने बोटाने चित्र मोठं केलं. "बघ. डोळे मिटलेले नाहीत, कुणी आडवं आलेलं नाही, उजेड दुसऱ्यापेक्षा चांगला आहे. दारात ती बाई पण आलीय, स्वच्छ. दुसऱ्यात ती नाही, आत गेली असणार."

मी टॅब जवळ ओढला.

"पहिलाच चांगला आला होता, केतकी. मी बघितलाही नव्हता. सवयीनं म्हटलं मी." त्याचा आवाज तिथे फुटला. कँटीनमधले दोघंतिघं वळून बघायला लागले तरी त्याने तोंड झाकलं नाही. "घाल माझं नाव. आवाज द्यायला मी येतो."

नियमाप्रमाणे आवाजाची खात्री आरोपीसमोर करावी लागते. आनंदा बोगद्यात, नसीमा पडद्यापाशी, रणधीर काचेच्या अलीकडे माइकसमोर. आधी तुलनेसाठी इतर आवाज घ्यायचे असतात. शिपाई म्हणाला, लॅबमधले दोघं म्हणाले. रेघ थोडी हलली, बसली.

"आता तू म्हण," नसीमा मला म्हणाली. "तुलनेसाठी."

मी म्हटलं. रेघ पडद्याच्या वरच्या कडेपर्यंत गेली आणि तिथेच थांबली. नसीमाने माझ्याकडे न बघता थर मोजले. तीनशे नव्वद. सगळे गेल्या तेरा दिवसांतले.

हे काय झालं ते मला लगेच कळलं, कारण मी भिंतीचं उदाहरण प्रशिक्षणार्थींना स्वतः देते. आठवण काढली की एक थर चढतो. आम्ही मोजायला आठवण काढायला लावतो. म्हणजे आम्ही मोजत नव्हतो, चुना देत होतो. ही गोष्ट केंद्राला ठाऊक होती. पाचव्या परिपत्रकात लिहिलं होतं की तपासात चढणारे थर नगण्य धरून वजा करावेत, आणि त्याखाली मीही सही केली होती. चार वर्षांत रणधीरच्या आवाजाने त्या माणसाला जितकं छळलं, त्याच्या जवळजवळ दुप्पट मी दोन आठवड्यांत छळलं. रोज, चहाच्या आधी, अत्यंत सभ्यपणे.

"सरनोबत," नसीमा रणधीरला म्हणाली, "म्हणा."

रणधीर माइकजवळ वाकला. "परत एकदा," तो म्हणाला. रेघ उसळली, तिच्यामागून मालकिणीची आठवण, तिच्यामागून पूल. दोनशे बारा. तंतोतंत.

"तीनदा लागेल," नसीमा म्हणाली. तिलाही ते नकोसं झालं होतं, पण नियम तिच्यासमोर भिंतीवर लिहिलेला होता.

रणधीरने तोंड उघडलं, पण शब्द येईना. तो दोन्ही हातांनी टेबल धरून उभा राहिला. मग बोगद्यातून आनंदाचा आवाज आला. तिथला माइक चालूच होता.

"म्हणा की, फोटोवाले. परत एकदा म्हणा. मला आता सवय झालीया."

तो टोमणा नव्हता. समोरचा माणूस अडला आहे आणि त्याला मदत करावी, एवढंच त्या आवाजात होतं. मी पुढे झाले आणि यंत्राचं बटण दाबून ते बंद केलं. चुंबकाची घरघर हळूहळू कमी होत गेली. मी आत जाऊन आनंदाच्या हाताची सुई स्वतः काढली.

"झालं का, बाई?"

"झालं, मामा. आता परत नाही."

अहवाल मी त्याच संध्याकाळी लिहिला. हेतू या रकान्यात सगळी हकिगत लिहिली, त्याच्याच शब्दांत. चाचण्यांची संख्या तीन हवी तिथे एक लिहिली आणि कारण दिलं. प्रेरकांची नावं थरांच्या संख्येप्रमाणे उतरत्या क्रमाने लिहायची असतात. पहिलं नाव केतकी रणधीर सरनोबत, तीनशे नव्वद. थर कृत्याआधीचे हवेत की नंतरचे चालतात, हे कायद्यात कुठेच लिहिलेलं नाही. दुसरं रणधीर सयाजी सरनोबत, दोनशे बारा. शंभरच्या वर तिसरं कुणी नव्हतं. नसीमाने अहवाल वाचला आणि विचारलं, "परिपत्रकाप्रमाणे तुझे थर वजा होतात. का लिहितेस?"

"मी आधीच्या त्रेसष्ट जणांच्या वेळीही तेच दोन शब्द म्हणत होते," मी म्हटलं. "ती नावं बरोबर होती की नाही, हे आता कुणीतरी बघायला हवं."

तिने खाली आपली सही केली. मला तिने थांबवलं असतं तर बरं वाटलं असतं, हेही खरं.

तानाजी खोत चौथ्या दिवशी सुटला. सुटल्यावर तो घरी न जाता आधी मेव्हण्याला भेटायला कळंब्याच्या तुरुंगावर गेला. सोबत पांढरा फेटा होता. आठ मीटर कापड आत नेता येत नाही म्हणून तो दारावर ठेवून घेतला आणि येताना परत दिला. आनंदाचा खटला चालू आहे. इंगवले बरे आहेत, कुजबुजत का होईना सभा घेतात. मी निलंबित आहे. त्रेसष्ट फाइली पुन्हा उघडल्या आहेत, आणि त्यातल्या अकरा माणसांची घरं माझ्या ओळखीची आहेत. त्या रस्त्यांनी मी आता जात नाही.

गेल्या सोमवारी प्रेरक म्हणून आमची दोघांची पहिली तारीख होती. कोर्टाच्या पायऱ्यांवर वार्ताहर थांबलेले होते. रणधीरने कॅमेरा घरी ठेवायला सुरुवात केली त्याला तेव्हा दोन महिने झाले होते. रिकाम्या हातांचं काय करायचं हे त्याला अजून समजलेलं नाही, म्हणून त्याने माझी पिशवी धरली होती. पायऱ्यांच्या खाली एका फोटोग्राफरने आम्हाला थांबवलं आणि फोटो काढला. मग पडद्याकडे न बघताच त्याने हात वर केला आणि तोंड उघडलं.

"राहू दे," रणधीर त्याला हळूच म्हणाला. "पहिलाच चांगला आलाय. बघ तरी एकदा."